कडू बदाम

जुलैच्या दुसऱ्या आठवड्यातला सोमवार, सकाळचे पावणेआठ. मी चहा गाळत होते आणि ओट्यावरचा फोन टुणकन वाजला. सोसायटीचा ग्रुप. ‘मागच्या बाजूला औषध मारून झालं आहे. कृपया आजचा दिवस लहान मुलांना तिकडे खेळायला सोडू नये.’ खाली अंगठ्यांची रांग लागलेलीच होती. कुणी हात जोडले होते, कुणी ‘इतक्या लवकर ॲक्शन घेतल्याबद्दल कमिटीचे आभार’ असं लिहिलं होतं. गाळणं तसंच हातात धरून मी खिडकीशी गेले. खाली कंपाउंडच्या भिंतीजवळ निळ्या रेनकोटातला एक माणूस पाठीवरचा पंप उतरवून ठेवत होता, आणि रॉकेलसारखा तेलकट वास तिसऱ्या मजल्यापर्यंत चढत आला होता. परत ओट्याशी येऊन मी ग्रुप वर सरकवला. सेक्रेटरींच्या निरोपाच्या वर वीसेक मेसेज होते. ‘ईईई’, ‘बापरे’, ‘हे घरात येतात का?’, ‘आमच्या बाथरूममध्ये काल दोन होते’, ‘पेस्ट कंट्रोलला बोलवा प्लीज’. आणि या सगळ्यांच्या वर, आदल्या संध्याकाळी साडेसहाला टाकलेला एक फोटो. त्याखाली ओळ: ‘आपल्या ओंडक्यावर बघा काय देखणे पाहुणे आलेत!’ पुढे दोन फुलं.

फोटो मी टाकला होता.

त्या ओंडक्याचं आधी सांगते. मे २०२१मध्ये तौक्ते वादळ मुंबईच्या बाजूने गेलं, त्या दिवशी आमच्या मागच्या अंगणातला रेन ट्री कंपाउंडच्या भिंतीवर आडवा झाला. बोरिवली पूर्वेला, नॅशनल पार्कच्या अंगाला राहतो आम्ही. झाडं पडण्याची सवय आहे, पण हे झाड बिल्डिंगपेक्षा वयाने मोठं होतं. फांद्या कापून नेल्या. बुंध्याचे तीन तुकडे केले, दोन टेम्पोत चढले, तिसरा चढेना. त्याला क्रेन लागेल आणि क्रेनचे पैसे वेगळे, असं कंत्राटदाराचं म्हणणं. ते आधीच ठरल्या रकमेत आहेत, असं कमिटीचं. हा विषय दोन सर्वसाधारण सभांमध्ये ‘पुढील सभेत घेण्यात यावा’ असा पुढे गेला आणि ओंडका भिंतीला टेकून राहिला. पहिल्या पावसात त्याच्या कापलेल्या तोंडावर पांढरी बुरशी चढली, आतलं वर्तुळ न् वर्तुळ स्पष्ट दिसायला लागलं. दुसऱ्या पावसात सालीवर कानाच्या पाळ्यांसारखी मऊ, तपकिरी अळंबी आली. हात लावला की थंडगार. रातपाळीचे वॉचमन त्यावर बसून तंबाखू मळायचे. मुलांचं ते कधी जहाज असायचं, कधी घोडा. तिसऱ्या पावसापर्यंत लाकूड इतकं हलकं झालं होतं की बोटाने दाबलं तर बिघडलेल्या रव्याच्या लाडवासारखं फुटायचं.

कुजणं या शब्दावर आपण मराठी माणसांनी फारच राग धरलाय. कुजकट बोलणं, कुजकी वृत्ती, मनात कुजवत ठेवणं. एकही बरा वापर सापडत नाही. शेतकऱ्याचं ‘कुजलेलं शेणखत’ तेवढं सन्मानाने येतं. पण त्या ओंडक्याशी जाऊन कुणी नाक लावलं असतं तर कळलं असतं की चांगलं कुजलेलं लाकूड घाण मारत नाही. पहिल्या पावसाचा मातीचा वास, त्यात थोडा अळंबीचा, थोडा जुन्या पुस्तकांच्या कपाटाचा. मी भाजी घेऊन येताना उगाच मागून वळसा घालून यायचे, तो वास घ्यायला. अहो म्हणायचे, पुढचं गेट काय बंद आहे का?

त्या रविवारी पाऊस दुपारीच थांबला होता. संध्याकाळी पाचच्या सुमाराला ढगाखालून तो पिवळा उजेड आला, ज्यात सगळी हिरवी पानं खोटी वाटायला लागतात. ओंडक्याची साल एका ठिकाणी फुगून सुटली होती. मी छत्रीच्या टोकाने ती जरा उचलली आणि खालचं लाकूड हललं. म्हणजे मला आधी तसंच वाटलं, लाकूडच हलतंय. मग दिसलं की फिकट गुलाबी-तपकिरी रंगाचे शेकडो जीव एकमेकांच्या अंगावरून, अंगाखालून, एकाच दिशेला निघालेत. प्रत्येकजण भाताच्या लांब दाण्याएवढा. सगळ्यांची मिळून एक चादर झालेली, ती चादर सालीच्या कडेवरून घरंगळत भिंतीवर चढत होती. आणि त्या गर्दीच्या जरा बाजूला, अळंबीच्या पाळीखाली, मोठी दोन-तीन माणसं. माणसंच म्हणावंसं वाटलं मला त्यांना. इंचभर लांब, चपटी. पाठ काळसर, ओल्या कडाप्प्यासारखी चकचकीत, आणि प्रत्येक कड्याच्या दोन्ही टोकांना फिकट पिवळा ठिपका, की दोन्ही कडांना जरीची किनार लावल्यासारखी पिवळ्याची ओळ धावत जावी. पाय मात्र गुलाबी. असा गुलाबी रंग मी फक्त लहान बाळाच्या तळव्याला पाहिलाय.

मी गुडघ्यांवर बसले. साडीचा काठ चिखलात गेला ते नंतर कळलं. त्यातल्या एकाच्या चालण्याकडे बघत राहिले. पाय एकेक करून हलत नव्हते, त्यांची लाट जात होती. शेपटाकडून निघून डोक्याकडे, एक लाट पोचायच्या आत मागून दुसरी. अंग अजिबात डुलत नाही; खाली एवढी धावपळ आणि वर पाठ अशी स्थिर, की कुणी पालखी वाहून नेतंय. ए विंगमधला सहा वर्षांचा मुलगा शेजारी येऊन उकिडवा बसला आणि म्हणाला, ‘आजी, ही ट्रेन कुठे चाललीये?’ मी म्हटलं, विरार. मग आम्ही दोघांनी बराच वेळ तिला जाऊ दिलं.

(जपानात खरोखरच यांच्या भाईबंदांनी आगगाड्या अडवल्या आहेत. तिथल्या डोंगराळ भागातली एक जात दर ८ वर्षांनी एकदम प्रौढ होऊन जमिनीवर येते, रुळांवर इतकी गर्दी होते की चिरडलेल्या अंगांवरून चाकं घसरायला लागतात. पहिली नोंद १९२०ची आहे. आमच्या विरार लोकलला घसरायला इतकं लागत नाही, पण ते असो.)

यांना मी लहानपणापासून ओळखते, मिलिपीड या नावाने नव्हे. राजापूरजवळ आजोळी आम्ही त्यांना ‘पैसा’ म्हणायचो. हात लावला की गोल वळून नाण्यासारखा पडून राहतो म्हणून पैसा. ते पैसे मोठे असायचे, करंगळीएवढे जाड, तांबूस-काळे, दंडगोल. पडवीत, न्हाणीघराच्या पायरीवर, माडाच्या कुजक्या ओंडक्याखाली. मे महिन्यात नाव नाही आणि मृगाच्या पावसानंतर चौथ्या दिवशी जिकडे तिकडे. आम्ही भावंडं ते गोळा करायचो आणि व्यापार खेळायचो; एक पैसा, दोन पैसे, ‘हा तुझा चालू लागला, बाद’. एकदा मी एकाला मुठीत घट्ट धरून ठेवलं, कारण मामेभाऊ तो पळवेल अशी भीती. मूठ उघडली तर तळहातावर आयोडीन लावल्यासारखा तपकिरी डाग, आणि तसाच काहीसा झोंबणारा वास. साबण झाला, राख झाली, लिंबू झालं. डाग आठवडाभर गेला नाही. आजी म्हणाली, ‘मुठीत धरलेला पैसा असाच डाग सोडतो.’ ती हे पैशाबद्दल म्हणाली की पैशाबद्दल, ते मला आजवर कळलेलं नाही. पावसाळा संपताना त्यांची मेलेली कडी पायवाटेवर सापडायची, चुन्यासारखी पांढरी पडलेली, सुटी सुटी. बाहुलीच्या बांगड्या म्हणून आम्ही त्या दोऱ्यात ओवायचो. चुना त्यांच्या कवचात खरोखरच असतो हे मला वयाच्या बावन्नाव्या वर्षी कळलं.

रविवारच्या त्या संध्याकाळी मी एक पिवळ्या काठाचा अलगद तळहातावर घेतला. वजन काहीच नाही, फक्त गुदगुल्या. त्याने थोडा विचार केला आणि गोल वळला, पण आमच्या कोकणातल्या पैशाइतका नेटका नाही. चपट्या अंगाला ते जमत नसावं, जिलबी जरा फसली होती. मी त्याला परत अळंबीखाली सोडलं आणि सवयीने हात नाकाशी नेला. डाग नव्हता. वास होता. आणि तो वास मला इतका ओळखीचा होता की मी तिथेच, चिखलात गुडघे टेकून, आठवायचा प्रयत्न करत राहिले.

बदाम. कडू बदाम.

दहावीच्या वर्षी आई रोज रात्री सात बदाम वाटीत भिजत घालायची. सकाळी सालं काढून, बशीत मांडून, वर दूध. बुद्धी वाढते म्हणून. महिन्यातून एकदा तरी त्यातला एक कडू निघायचा, आणि तो नेमका शेवटी तोंडात यायचा. थुंकून टाकला तरी जिभेच्या मागे तो वास राहायचा, शाळेत पहिला तास संपेपर्यंत. गंमत अशी की चव नको वाटली तरी वास आवडायचा. जर्दाळूची आठळी फोडून आतला बदाम खाताना तोच. इराण्याकडच्या केकला तोच, फक्त साखरेत घोळलेला. आई गेल्याला आता नऊ वर्षं झाली. त्या वाटीची आठवण इतक्या वर्षांत आली नव्हती, आणि आली ती एका किड्याच्या अंगावरून, म्हणजे आठवणीही कुठे कुठे अंडी घालून ठेवतात. त्याच तरंगत्या अवस्थेत मी फोटो काढला. चांगला आला. इतका चांगला आला की कुणाला तरी दाखवावासा वाटला.

दाखवावासा वाटला, इथेच घोळ झाला.

तोच फोटो मी माझ्या भाचीलाही पाठवला होता. ती पुण्याला प्राणिशास्त्रात एमएस्सी करते. तिचा फोन सोमवारी रात्री आला, सगळं होऊन गेल्यावर. ती इतकी खुशीत होती की मी तिला काही सांगितलंच नाही, नुसती ऐकत राहिले. ‘अगं मावशी, स्ट्रेप्टोगोनोपस फिप्सोनाय! पिल्लांचे असे थवे ही त्यांची खासियत. आणि तू हातात घेतलास ना, मग वास आला का?’ मी म्हटलं, बदामाचा. ‘सायनाइड आहे ते,’ ती म्हणाली, भाजीत मीठ जास्त आहे म्हणावं तशा सुरात. मग तिने समजावून सांगितलं. या चपट्या पैशांच्या अंगाला दोन्ही बाजूंनी बारीक कुप्या असतात, प्रत्येक कुपीला दोन कप्पे. एकात कच्चा माल, दुसऱ्यात त्याचं विरजण. कुणी चावा घ्यायला गेलं की दोन्ही एकत्र येतात आणि तयार होतं हायड्रोजन सायनाइड. सोबत बेंझाल्डिहाइड, ज्याला आपण बदामाचा वास म्हणतो. बेकरीवाले इसेन्सच्या बाटलीत तेच भरतात. माणसाला काही होण्याइतकं ते नसतं, हात धुतले की झालं. पण पक्ष्याने एकदा चोचीत धरला तर पुन्हा त्या रंगाच्या वाटेला जाणार नाही. ‘म्हणून तर तो पिवळा काठ, मावशी. पाटी आहे ती.’

‘आणि ते एकमेकांना त्या काठावरून ओळखतात का?’ मी विचारलं.

‘छे. त्यांना दिसतच नाही. या गणात कुणालाच डोळे नसतात.’

हे माझ्या डोक्यातून जाईना. रात्री दिवा मालवल्यावरही नाही. काळ्यावर पिवळा, खाली गुलाबी, एवढी रंगसंगती जमवून बसलेला प्राणी, आणि त्याच्या साऱ्या कुळात कुणीही कधी ती पाहिलेली नाही. जोडीदार शोधायचा तो वासाने आणि स्पर्शाने. रंग सगळा दुसऱ्यांसाठी, तोही ‘माझ्या वाटेला जाऊ नका’ एवढंच सांगायला. ती पाटी कावळ्याला वाचता येते, दयाळाला येते. आमच्या ग्रुपवरच्या लोकांनीही ती वाचली, पण अर्थ भलताच लावला. तसंही आम्हाला त्यांना खायचं नव्हतंच. ‘खाऊ नका’ असं सांगणाऱ्याला खायचंच नसलेल्या माणसापासून वाचायची काही युक्ती निसर्गाने दिलेली दिसत नाही. त्याला वेळ मिळाला नसेल असंही म्हणवत नाही. यांच्या गोतावळ्यातलं एक जीवाष्म स्कॉटलंडच्या किनाऱ्यावर सापडलंय, ४० कोटी वर्षांहून जुनं; जमिनीवर हवेत श्वास घेणाऱ्या प्राण्याचा तो सगळ्यात जुन्या पुराव्यांपैकी एक मानतात. सापडला तो एका बस ड्रायव्हरला, ज्याला सुट्टीच्या दिवशी दगड फोडायचा नाद होता. मला ही बातमी वाचून त्या ड्रायव्हरबद्दल फार आपुलकी वाटली. निदान त्याने ग्रुपवर टाकलं नसावं.

नावातला तो फिप्सन मात्र आपल्याच मुंबईतला. लंडनच्या ब्रिटिश म्युझियममधल्या रेजिनाल्ड पोकॉक यांनी १८९२मध्ये या जातीचं नामकरण केलं आणि नाव दिलं एच. एम. फिप्सन यांचं. हे गृहस्थ मुंबईत दारूचे व्यापारी. बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचं बिऱ्हाड सुरुवातीला त्यांच्याच पेढीत होतं, आणि १८९४पासून त्यांच्या खुर्चीमागच्या पिंजऱ्यात विल्यम नावाचा एक धनेश राहायचा, कारवारहून आणलेला. तो २६ वर्षं तिथे राहिला आणि आज त्या संस्थेच्या चिन्हावर बसलाय. विल्यमची गोष्ट सगळ्यांना सांगावीशी वाटते. फिप्सनच्या वाट्याला मात्र नावासाठी आले ते जमिनीखालचे रहिवासी: एक मातीत राहणारा साप, एक विंचू आणि माझ्या ओंडक्यातला हा पैसा. त्यांची बायको म्हणजे डॉक्टर एडिथ पीची, कामा हॉस्पिटलच्या. आपल्या रखमाबाईंना डॉक्टरकी शिकायला लंडनला जाण्यासाठी ज्यांनी मदत केली त्या. आणि रखमाबाईंचे सावत्र वडील डॉ. सखाराम अर्जुन हे १८८३मध्ये ही निसर्ग-संस्था काढणाऱ्या आठजणांतले एक. मी हे सगळं त्या रात्री फोनवर शोधत बसले होते. एका ओंडक्याच्या सालीखालून निघालेली वाट गिरगावातल्या रखमाबाईंच्या घरापर्यंत जाईल असं कुणाला वाटलं असतं? झोप येत नसली की माणूस वंशावळी लावत बसतो.

इथे मला एक कबूल केलं पाहिजे. मी काही या जिवांची कैवारी नव्हते. त्याच पावसात, फोटोच्या आठवडाभर आधी, बाथरूमच्या जाळीतून वर आलेले चार मी सकाळच्या पेपरवर घेऊन खिडकीतून खाली झटकले होते. एकावर तर चुकून, म्हणजे चुकूनच असं मी म्हणते, गरम पाणी पडलं होतं. पायाखाली आलेल्याचा तो कुरकुरीत आवाज मला अजूनही सहन होत नाही. माझी नणंद वर्ध्याकडे असते, घरची कोरडवाहू शेती. तिला मी हौसेने फोटो पाठवला तर तिचं उत्तर आलं, ‘वहिनी, आमच्याकडे याला वाणी म्हणतात. तुम्ही फोटो काढा, आम्ही परवा दुसऱ्यांदा सोयाबीन पेरलं.’ विदर्भात गेली काही वर्षं हे चाललंय. बी उगवून वर आलं की रात्री वाणी येते आणि कोवळी रोपं बुडाशी कुरतडून जाते, सकाळी ओळीच्या ओळी रिकाम्या. त्यांची वाणी वेगळ्या जातीची, पण तिच्या उत्तरातला थकवा खरा होता. मी तिला हसणारा चेहरा पाठवणार होते, तो पुसला आणि ‘बियाणं मिळालं का परत?’ असं विचारलं.

त्यामुळे सेक्रेटरींवर मला रागावता आलं नाही. ते भले गृहस्थ आहेत, रिटायर्ड, रोज टाकीचं पाणी स्वतः बघणारे. तळमजल्यावर रांगतं बाळ आहे, त्याच्या आईने रात्री दहाला त्यांना फोन केला होता. त्यांनी काय करायचं होतं? मीही लिहिलं असतं ग्रुपवर, की अहो, हे चावत नाहीत, पाऊस ओसरला की जातील, पालापाचोळा आणि कुजकं लाकूड हेच खातात, त्याचीच माती करतात. लिहायला घेतलंही होतं. ‘ई’ आणि ‘बापरे’ एकामागून एक यायला लागल्यावर मी टाइप केलेलं खोडलं. इतक्या लोकांत एकटीनेच किड्यांची बाजू घ्यायची म्हणजे उद्यापासून लिफ्टमध्ये लोक हसणार. तेवढीच भीती. याहून मोठं कारण शोधून सापडलं नाही.

आणि तो शब्द. औषध. आपण ढेकणांना औषध मारतो, उंदरांना औषध ठेवतो, कपाशीवर औषध फवारतो. बाळाला ताप आला की चमच्याने पाजतो तेही औषध. परक्याला हे समजावणं अवघड आहे. कदाचित आपल्याला मारणं हा शब्द एकटा उच्चारायचा नसतो, म्हणून त्याच्यापुढे काहीतरी बरं करणारं लावून ठेवतो.

सोमवारी दुपारी, मुलांना मनाई असलेल्या त्या वेळात, मी खाली गेले. पाऊस नव्हता, नुसता कोंदटपणा. ओंडका वरून तेलकट ओला झाला होता आणि भिंतीच्या पायथ्याशी, जिथे चादर चढत होती, तिथे ती तशीच खाली उतरली होती. ढीग म्हणण्याइतका मोठा नव्हता, ओंजळीत मावेल एवढा असेल. पिल्लं तांदळाच्या कण्यांसारखी. मोठ्यांपैकी पाच-सहा अळंबीखालून बाहेर येऊन पडले होते, वळलेले, पण अर्धेच. पिवळा काठ पिवळा राहिला नव्हता, दुपारपर्यंत मळक्या पांढऱ्यावर आला होता. मी वाकले. रॉकेलचा वास नाकात भरला, आणि त्याच्या खालून, अगदी खालून, तो दुसरा वास आला. त्यांनी शेवटपर्यंत कुप्या उघडल्या होत्या. रेनकोटातल्या त्या माणसाला कळलंही नसणार.

चार दिवसांनी मी ग्रुपवरचा फोटो डिलीट करायला गेले. तोपर्यंत ती मुदत उलटून गेली होती. आता फक्त माझ्या फोनवरून गेला असता.

ऑक्टोबरमध्ये क्रेन आली. इतकी वर्षं अडलेलं काम दोन मेसेजमध्ये मार्गी लागलं, ‘किड्यांचं मूळच काढून टाकू’ या मुद्द्यावर ठराव एकमताने पास. उचलताना ओंडका मधोमध तुटला, आतून जवळजवळ पोकळ होता. क्रेनवाला म्हणाला, ‘ह्यात काय राहिलंय, हाताने नेलं असतं.’ तो गेल्यावर जमिनीवर ओंडक्याच्या आकाराचा एक काळा डाग राहिला. दीड-दोन इंच खोल, चहाच्या चोथ्यासारखी सुटी, काळीभोर माती. तीन पावसाळ्यांची कमाई. झाडूवाली ती भरून टाकायच्या आत मी घरून प्लास्टिकची बादली आणली आणि खुरप्याने जेवढी निघाली तेवढी उचलली. कढीपत्ता कधीचा रुसून बसला होता, त्याच्या कुंडीत घातली. सेक्रेटरी गेटातून बघत होते. ‘खत?’ त्यांनी विचारलं. मी म्हटलं, हो, चांगलं कुजलेलं आहे.

पुढच्या जुलैमध्ये कढीपत्ता खिडकीच्या गजांपर्यंत पोचला होता. एका सकाळी फोडणीसाठी डहाळी खुडताना कुंडीच्या कडेला, मातीला चिकटलेल्या वाळक्या पानाखाली काहीतरी सरकलं. पान उचललं. एकच होता. फिकट, गुलाबीसर, भाताच्या दाण्याएवढा. भाचीने सांगितलेलं आठवलं. अंड्यातून निघतात तेव्हा यांना पायांच्या तीनच जोड्या असतात आणि कडी सात. मग प्रत्येक कातीला वाढत जातात: नऊ, बारा, पंधरा, सतरा, अठरा, एकोणीस, वीस. वीस कडी झाली की मोठा झाला, मग वाढ थांबते. पोथी वाचायचं बाबांचं भिंग देवघराच्या खणात होतं, ते आणलं. मान अवघडेपर्यंत मोजलं. तो मध्येच वळायचा आणि आकडा चुकायचा, की पुन्हा पहिल्यापासून. गॅसवर तेल तापून धूर यायला लागला होता.

‘अगं, काय बघतेस एवढं?’ आतून अहोंचा आवाज.

‘काही नाही, कढीपत्ता,’ मी म्हटलं. फोन बेडरूममध्ये चार्जिंगला होता. तिसऱ्यांदा मोजलं तेव्हा पंधरा भरली. अजून पाच यायची होती. मी पान होतं तसं त्याच्यावर ठेवलं आणि गॅस बारीक करायला आत गेले.